महिना एक रुपया

लाच घेताना पकडलेल्या माणसाला घरी बसवून सरकारने पैसे द्यावेत काय? प्रश्न असा विचारला की उत्तर फराळाच्या ताटावरच मिळून जाते. आमच्या बेलापुरात तर कोकण भवन, सिडको, महापालिका अशी कचेऱ्यांची दाटी. कोणीतरी ‘सस्पेंड’ झाल्याची कुजबुज अधूनमधून जिन्यावर ऐकू यावयाचीच. मग कोणी म्हणतो, “मजा आहे! काम बंद आणि पगार चालू!”

ही मजा किती आहे ते आधी पाहू. आपल्या राज्याच्या १९८१ च्या नियमांप्रमाणे निलंबित नोकराला पगार मिळत नाही. मिळतो तो निर्वाह भत्ता. पहिले तीन महिने तो अर्धपगारी रजेच्या वेतनाइतका, आणि त्यावर महागाई भत्ता. पुढे निलंबन लांबले आणि त्यात नोकराचा दोष नसला, तर या रकमेत निम्म्यापर्यंत वाढ करता येते. त्यानेच लांबविले असेल, तर निम्म्यापर्यंत कपात. म्हणजे अर्ध्याचे पाऊण, नाहीतर पाव. घराचा हप्ता आणि मुलांची फी मात्र पूर्णच राहते.

या भत्त्याला एक अट आहे. आपण दुसरी नोकरी किंवा धंदा करीत नाही, असा दाखला द्यावा लागतो. शिवाय परवानगीवाचून मुख्यालय सोडावयाचे नाही. मला वाटते, सगळा नैतिक प्रश्न त्या दाखल्याच्या कागदात आहे. सरकार या माणसाला कामावर येऊ देत नाही आणि दुसरीकडे जाऊही देत नाही. बैलाला औताला जुंपावयाचे नसेल तर खुशाल जुंपू नये. पण दावणीला बांधून ठेवावयाचे असेल तर वैरण टाकलीच पाहिजे. (माणसाला बैलाची उपमा दिली म्हणून निलंबित बंधूंनी रागावू नये. बसलेल्या बैलाबद्दल जिन्यावर कोणी कुजबुजत नाही, एवढा तो सुखी.) तेव्हा या भत्त्याला दया म्हणणे मला पटत नाही. बांधून ठेवण्याची ती किंमत आहे.

ही वैरण किती आटविता येते, याचा दाखला आपल्याच राज्यात आहे. १९५९ च्या मुंबई मुलकी सेवा नियमांत एक तरतूद होती. नोकराला फौजदारी न्यायालयात शिक्षा झाली आणि त्याचे अपील चालू असले, तर निर्वाह भत्ता महिना एक रुपया! उच्च न्यायालयाने ती रद्द केली, तरी राज्य सरकार दिल्लीपर्यंत गेले. आणि १९८३ साली सर्वोच्च न्यायालयानेही ती घटनाबाह्य ठरविली. मला कुतूहल वाटते ते त्या रुपयाचे. शून्य का लिहिले नाही? मसुदा करणाराला ठाऊक असावे की काहीतरी देणे लागतो. शून्य लिहिले की ते देणे नाकारले असे होते. एका रुपयात देणेही फिटले आणि तिजोरीही वाचली!

“पण शिक्षा झाली होती ना?” असे कोणी विचारील. झाली होती, परंतु अपिलाचा हक्कही कायद्यानेच दिला होता, आणि अपील लढावयाचे तर वकील लागतो, गाडीभाडे लागते. कोलारच्या सोन्याच्या खाणीतल्या एका सुरक्षा अधिकाऱ्याला भत्ता मिळाला नाही, म्हणून केरळातल्या घरून तो चौकशीला जाऊ शकला नाही. चौकशी एकतर्फी झाली आणि नोकरी गेली. पुढे फौजदारी न्यायालयात तो निर्दोष सुटला. सर्वोच्च न्यायालयाने त्याला नोकरी परत दिली ती १९९९ साली.

मला अडविणारा आक्षेप निराळाच आहे. तुर्भ्याच्या बाजारात गोणी वाहणारा हमाल खोट्या आरोपात कोठडीत गेला, तर त्याला निर्वाह भत्ता कोण देतो? कोणीच नाही. जामिनावर सुटल्यावर तो दुसऱ्या दिवशी गोणी उचलू शकतो, त्याच्याकडून कोणी दाखला घेत नाही, हा फरक खरा. परंतु कोठडीतल्या दिवसांचे काय? त्या दिवसांना माझ्या बैलाच्या दाखल्यात जागा नाही. त्याच्यावर अन्याय होतो म्हणून कारकुनावरही व्हावा, असे मात्र म्हणवत नाही.

आणि खरोखरच लाच खाल्लेलाही हा भत्ता खातोच. ते टाळण्याचा रस्ता एकच, लवकर निकाल लावणे. तीन महिन्यांत दोषारोपपत्र दिले नाही तर निलंबन पुढे चालू ठेवू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१५ साली सांगितले. महाराष्ट्रानेही २०१९ मध्ये तसा आदेश काढला. खटल्याचे पाऊल मात्र आपल्याच गतीने पडते. तोवर हा मनुष्य घरी असतो. दिवाळीत दारी आकाशकंदील लावला तर लोक म्हणतात, “बघा, पैसा उरला आहे अजून.” नाही लावला तर म्हणतात, “बघा, मनातून कबूलच आहे.”