कपोताची साक्ष

महाभारतातील शिबिराजाची कथा मराठी वाचकाच्या परिचयाची आहे. ससाण्याच्या भयाने एक कपोत राजाच्या आश्रयाला येतो, राजा त्याला अभय देतो, आणि ससाणा आपले भक्ष्य मागू लागला तेव्हा कपोताच्या भारंभार स्वतःचे मांस कापून तो तराजूत घालतो. शरणागताचे रक्षण हा धर्माचा कळस होय, हे या कथेचे तात्पर्य पिढ्यान्‌पिढ्या सांगितले गेले आहे. परंतु जिच्यामुळे ही सारी कसोटी घडते त्या कपोताचे पुढे काय झाले, हे कथा सांगत नाही. अभय मिळाल्यानंतर तो कोठे राहिला, कोणत्या झाडावर परतला, दुसऱ्याच्या मांसाने आपला जीव तोलला गेला ही जाणीव त्याने कशी वागवली, हे प्रश्न उद्भवूच नयेत अशी व्यवस्था कथेतच आहे. कपोत हा अग्नी आणि ससाणा हा इंद्र असल्याचे अखेरीस उघड होते. देवाला आश्रयाची गरज नसते आणि आठवणींचे ओझेही नसते.

माणसाला मात्र ती सोय नाही. नाझी राजवटीच्या छळातून निसटून जगभर विखुरलेल्या ज्यू निर्वासितांच्या आठवणी आणि आत्मकथने वाचताना प्रथम जाणवते ते हे, की शरणागतीची कथा येथे कपोताच्या बाजूने सांगितली जात आहे. ही बाजू बदलली की कथेतील नैतिक प्रश्नही बदलतात. आश्रय देणाऱ्याचे कर्तव्य काय, हा एकच प्रश्न मग उरत नाही. आश्रय घेणाऱ्यावर त्याचे कोणते ऋण असते, आणि जो वाचला त्याची साक्ष ऐकणाऱ्याकडून काय मागते, हेही विचारावे लागते.

या प्रश्नांचा विचार करण्यास कोलकाता हे शहर अनेक कारणांनी योग्य आहे. तेथे ज्यू वस्ती नवी नव्हती. १७९८ साली शालोम कोहेन हा अलेप्पोचा व्यापारी तेथे आला आणि त्यानंतर बगदाद, बसरा इत्यादी ठिकाणांहून आलेल्या कुटुंबांचा एक संपन्न समाज उभा राहिला. १८८४ साली बांधलेले मागेन डेव्हिड हे भव्य सिनॅगॉग आणि एझरा घराण्याच्या नावाने आजही ओळखला जाणारा रस्ता या वैभवाच्या खुणा होत. आपल्या कोकणातील बेने इस्रायल लोक मराठी बोलत, मराठीत कीर्तने रचत आणि तेलाच्या घाण्याशी व शनिवारच्या विश्रांतीशी निगडित असलेले ‘शनिवार तेली’ हे नाव मिरवीत. कोलकात्याचे बगदादी ज्यू त्या मानाने अरबीकडून इंग्रजीकडे वळलेले आणि युरोपीय समाजात आपली गणना व्हावी असे इच्छिणारे होते. अशा शहरात १९३३ नंतर, आणि विशेषतः १९३८ साली ऑस्ट्रिया जर्मनीने गिळंकृत केल्यानंतर, मध्य युरोपातील ज्यू येऊ लागले. संख्येने ते फार नव्हते. सरकारला नोकरीची वा निर्वाहाची हमी हवी असे, आणि ती मिळवून देण्यासाठी मुंबईत १९३४ साली स्थापन झालेली ज्यू साहाय्य संस्था खटपट करीत असे.

या आगमनातला पहिला विरोधाभास रंगाचा होता. ज्या माणसाला बर्लिन वा व्हिएन्ना येथे वंशाने हीन ठरवून बागेतल्या बाकावर बसण्याची बंदी केली होती, तोच चौरंगीच्या रस्त्यावर पाऊल टाकताच ‘साहेब’ झाला. त्याने ही पदवी मागितली नव्हती, पण ती नाकारणेही त्याला सोपे नव्हते. वंशभेदाचा बळी वंशभेदाच्याच दुसऱ्या एका व्यवस्थेत वरच्या पायरीवर जाऊन बसला. दुःख भोगल्याने माणूस आपोआप न्यायी होतो, ही आपली एक भाबडी समजूत आहे, आणि तिला येथे पहिला तडा जातो. दुःखाने दृष्टी मिळण्याची शक्यता निर्माण होते एवढेच. ती मिळवावी लागते.

दुसरा विरोधाभास नावाचा आहे. १९३८ च्या ऑगस्टमध्ये निघालेल्या फर्मानाने जर्मनीतील ज्यूंवर विशिष्ट नावांची सक्ती झाली. १ जानेवारी १९३९ पासून, ज्यांचे नाव सरकारी यादीतील ‘ज्यू’ नाव नसेल अशा प्रत्येक पुरुषाच्या नावाला ‘इस्रायल’ आणि स्त्रीच्या नावाला ‘सारा’ जोडले जाऊ लागले. पासपोर्टावर तांबड्या शाईत ‘ज्यू’चे आद्याक्षर आधीच उमटले होते. कोकणातल्या ज्यूंनी शतकानुशतके अभिमानाने धारण केलेले ‘इस्रायल’ हे नाव जर्मनीत डागणीसारखे वापरले गेले. शब्द तोच, पण तो कोण कोणासाठी उच्चारतो यावर त्याचा अर्थ ठरतो. स्वतः घेतलेले नाव आणि लादलेले नाव यांतील हे अंतर मराठी समाजाला वेगळे समजावून सांगावे लागू नये.

सप्टेंबर १९३९ मध्ये युद्ध पेटले आणि तिसरा विरोधाभास पुढे आला. जर्मन पासपोर्ट बाळगणारा प्रत्येक पुरुष हिंदुस्थान सरकारच्या लेखी शत्रुराष्ट्राचा नागरिक झाला. अहमदनगर येथे उभारलेल्या छावणीत नाझी पक्षाचे समर्थक आणि नाझींपासून पळून आलेले ज्यू एकाच कुंपणाआड आले. पुढे चौकशी होऊन अनेकांची सुटका झाली हे खरे. परंतु जर्मनीने ज्यांना जर्मन मानण्याचे नाकारले त्यांना इंग्रजांनी जर्मन म्हणून कैद केले, ही गोष्ट सत्तेच्या स्वभावाविषयी बरेच सांगून जाते. सत्ता माणसाकडे पाहत नाही, त्याच्या कागदाकडे पाहते. त्याच अहमदनगरच्या किल्ल्यात १९४२ च्या ऑगस्टपासून पंडित नेहरू आणि त्यांचे सहकारी बंदिवान होते. एकाच गावाच्या परिसरात एकाच सत्तेने फॅसिझमचे दोन वेगवेगळे विरोधक, वेगवेगळ्या कारणांनी, कुलपात ठेवले.

या इतिहासाला एका व्यक्तीच्या चरित्रात पाहावयाचे तर अलेक्स आरोनसन यांच्याकडे वळावे लागते. १९१२ साली ब्रेस्लाऊ येथे जन्मलेले हे साहित्याचे अभ्यासक फ्रान्स आणि केंब्रिज येथे शिकून १९३७ साली शांतिनिकेतनात अध्यापक म्हणून आले. युद्ध सुरू होताच त्यांनाही स्थानबद्ध करण्यात आले, तेव्हा रवींद्रनाथांनी बंगालचे तत्कालीन गृहमंत्री ख्वाजा नाझिमुद्दीन यांच्याकडे त्यांच्यासाठी रदबदली केली. आरोनसन सुटले, पुन्हा शिकवू लागले आणि पाश्चात्त्य जगाने रवींद्रनाथांना कसे पाहिले याचा अभ्यास त्यांनी १९४३ साली ग्रंथरूपाने प्रसिद्ध केला. १९४६ साली ते बंगाल सोडून पॅलेस्टाइनला गेले. बंगालमधील त्या वर्षांच्या त्यांच्या आठवणी १९९० साली कोलकात्याच्याच रायटर्स वर्कशॉप या प्रकाशनसंस्थेने काढल्या. आश्रयाला आलेला माणूस चव्वेचाळीस वर्षांनी आश्रयदात्या भूमीला आपली कथा परत देतो. यजमानाविषयी अभ्यासपूर्वक लिहिणे आणि मग स्वतःचे अनुभव त्याच्या हाती सोपवणे, या दोन्ही कृती ऋण फेडण्याच्या आहेत. मात्र हे ऋण सावकाराचे नव्हे. ते कोणी मागितले नव्हते, म्हणूनच ते फेडण्यात प्रतिष्ठा आहे.

कृतज्ञतेचा प्रश्न येथे नाजूक होतो. निर्वासिताने सदैव कृतज्ञ असावे अशी यजमान समाजाची अपेक्षा असते, आणि या अपेक्षेत एक सूक्ष्म जुलूम असतो. हॅना आरेंट यांनी १९४३ साली, स्वतः अमेरिकेत निर्वासित असताना, या विषयावर एक निबंध लिहिला. सतत आशावादी दिसण्याची, नव्या देशाशी तत्काळ एकरूप झाल्याचे दाखवण्याची निर्वासितांची केविलवाणी धडपड त्यात त्यांनी निर्ममपणे उघड केली. प्रत्येक निर्वासिताला आपली जीवनकथा दोनदा सांगावी लागते. पहिल्यांदा ती अधिकाऱ्याच्या मेजापुढे सांगावी लागते आणि तेथे पात्रता सिद्ध करायची असते. जन्मस्थान, धर्म, व्यवसाय, हमीदार एवढेच त्या कथेचे घटक. दुसऱ्यांदा ती आठवणींच्या पुस्तकात सांगितली जाते. कोणत्याही अर्जात ज्याला रकाना नव्हता ते सारे, म्हणजे आईच्या स्वयंपाकघराचा वास, शाळेच्या जिन्याची फरशी, निरोपाच्या वेळी न बोललेले वाक्य, तेथे प्रथमच स्थान मिळवते. आत्मकथनाचे नैतिक मूल्य येथे आहे. ते माणसाला त्याच्या कागदांपासून सोडवते.

अर्थात सर्वांनीच लिहिले असे नाही. अनिता देसाई यांच्या १९८८ च्या ‘बाउमगार्टनर्स बॉम्बे’ या कादंबरीचा नायक ह्यूगो बाउमगार्टनर हा बर्लिनचा ज्यू आहे. तो कोलकात्यात येतो, स्थानबद्ध होतो आणि अखेरीस मुंबईत एकाकी मरतो. जर्मनीत राहिलेल्या आईची पत्रे तो जपून ठेवतो, पण त्या पत्रांत जवळजवळ काहीच नसते, कारण काही लिहिण्याची तिला मुभाच नसते. आठवणींच्या पुस्तकांच्या मांडणीखाली अशा न लिहिलेल्या चरित्रांचा एक मोठा संग्रह दबलेला असतो. आउशविट्झमधून परतलेल्या प्रीमो लेव्ही यांनी १९८६ साली आपल्या अखेरच्या काळातील ग्रंथात हाच विचार कठोरपणे मांडला. खरे साक्षीदार बुडून गेले, जे वाचले ते अपवाद होत, असा त्याचा आशय. कोलकात्याला पोचलेला निर्वासित तर अपवादातलाही अपवाद. तो छळछावणीपर्यंत गेलाच नाही. मग त्याच्या कथेला साक्ष म्हणावे काय? म्हणावे, पण मर्यादा ओळखून. तो मृत्यूचा साक्षीदार नाही, तो बंद होत गेलेल्या दारांचा साक्षीदार आहे. आणि दारे कशी बंद होतात हे जाणण्याची गरज प्रत्येक काळाला असते.

आपल्याकडील दारांचा इतिहासही निर्मळ नाही. १९३८ च्या नोव्हेंबरमध्ये गांधीजींनी ‘हरिजन’मध्ये जर्मनीतील ज्यूंना सत्याग्रहाचा मार्ग सुचवला, तेव्हा नुकतेच जर्मनी सोडून जेरुसलेमला आलेले मार्टिन बूबर यांनी त्यांना अत्यंत आदराने पण ठाम विरोधाचे पत्र लिहिले. नेहरूंनी ज्यू निर्वासितांना हिंदुस्थानात आश्रय देण्याचा ठराव काँग्रेसपुढे मांडून पाहिला, आणि कोलकात्याचे सुभाषचंद्र बोस यांनी १९३९ च्या मार्चमध्ये त्यांना लिहिलेल्या पत्रात त्यावर कडक टीका केली. पारतंत्र्यात असलेल्या राष्ट्राने प्रथम स्वतःचे हित पाहावे ही भूमिका क्षुद्र म्हणून झटकून टाकता येत नाही. शिबीच्या कथेतला ससाणाही हाच मुद्दा मांडतो. तू एकाचा जीव वाचवतोस, पण मी आणि माझी पिले उपाशी मरू, त्याचा हिशेब कोण करणार, असे तो विचारतो. कथाकाराने त्याला निरुत्तर केलेले नाही.

हा हिशेब १९४३ साली कोलकात्याच्या रस्त्यांवर उघडा पडला. बंगालच्या दुष्काळात सुमारे तीस लाख माणसे मेली. खेड्यांतून आलेले भुकेले लोक दारोदार भातही नव्हे, तर नुसती पेज मागत फिरत होते. ज्या वर्षी युरोपात ज्यूंचा संहार चालू होता त्याच वर्षी त्यातून निसटलेला माणूस बंगालमध्ये सुरक्षित होता, आणि त्याच्या उंबरठ्याबाहेर दुसरे कोणी मरत होते. अशा वेळी दोन दुःखांची तुलना करण्याचा मोह होतो, आणि तो घातक आहे. कारखान्यासारख्या शिस्तीने केलेला संहार आणि अनास्थेने, युद्धनीतीने व नफेखोरीने घडलेली उपासमार या एक नव्हेत. पण दोन्हींत काही माणसांचे मरण हिशेबातून वगळले गेले होते, एवढे साम्य पुरेसे आहे. एकाच्या दुःखाची आठवण दुसऱ्याच्या दुःखाची जागा खात नाही. खरी आठवण जागा वाढवते. ज्या आठवणी वाचून आपण फक्त त्याच समाजापुरते हळवे होतो, त्या आपण नीट वाचलेल्या नसतात.

मराठी वाचकाला या विचाराकडे येण्याचा स्वतःचा मार्ग आहे. नाझींचा इतिहास त्याने वि. ग. कानिटकरांच्या ‘नाझी भस्मासुराचा उदयास्त’मधून वाचला. तो राज्यकर्त्यांचा, युद्धांचा इतिहास होता. पण भोगणाऱ्याच्या साक्षीचे वजन त्याला कळले ते दया पवारांच्या ‘बलुतं’मुळे आणि लक्ष्मण माने यांच्या ‘उपरा’मुळे. हे वाङ्‌मय आहे की केवळ अनुभवकथन, असा वाद तेव्हा झाला. त्या वादातून एक गोष्ट निश्चित झाली, की ज्याच्याविषयी आजवर इतरांनीच बोलावे तो स्वतः बोलू लागला म्हणजे भाषेतले सत्याचे प्रमाणच बदलते. ‘उपरा’ हा शब्द कोलकात्यातल्या निर्वासितालाही लागू पडावा इतका व्यापक आहे. तरीही एक भेद विसरू नये. निर्वासित हा परक्या गावात उपरा असतो, आणि आपला उपरा स्वतःच्याच गावात उपरा होता. पहिल्याच्या कथेने गहिवरणारा वाचक दुसऱ्याच्या कथेपाशी अवघडत असेल, तर त्याची करुणा केवळ अंतरावर पोसलेली आहे असे म्हणावे लागेल.

आज कोलकात्यात ज्यू समाज हाताच्या बोटांवर मोजावा इतका उरला आहे. मागेन डेव्हिड सिनॅगॉगची देखभाल मुसलमान सेवक करतात आणि ज्यू मुलींच्या शाळेत बहुसंख्य विद्यार्थिनी मुसलमान आहेत. ज्यांच्या आठवणी आहेत ते गेले, आणि त्या सांभाळण्याचे काम परक्यांकडे आले. यात खेद आहे तसा एक दिलासाही आहे. स्मृती ही रक्ताच्या नात्याने मिळणारी मालमत्ता नव्हे, ती जो जपेल त्याची होते.

मराठीत ‘वाचणे’ या एकाच शब्दाला जीव बचावणे आणि ग्रंथ वाचणे असे दोन्ही अर्थ आहेत. जो वाचला त्याने लिहिले, आणि ते आता आपल्याला वाचायचे आहे. शिबीने कपोताला अभय दिले. त्याची कथा ऐकण्याचे काम मात्र शिल्लक राहिले होते. राजाने मांस दिले, वाचकाकडून तेवढे कोणी मागत नाही. त्याच्याकडून लक्ष मागितले जाते, आणि पुढच्या वेळी कोणी दाराशी आला तर त्याच्या कागदांआधी त्याच्या चेहऱ्याकडे पाहण्याची तयारी.