मधला अंधार

मराठीने काजव्यावर फारशी मेहरबानी केलेली नाही. कुणाला किरकोळ ठरवायचं असेल तर तो सूर्यापुढचा काजवा. कानाखाली बसली की डोळ्यांपुढे चमकतात तेही काजवेच. म्हणजे एक तर क्षुल्लक उजेड, नाहीतर नसलेला उजेड.

विज्ञानातही एकदा असंच झालं होतं. सयाममध्ये नदीकाठच्या झाडांवरचे काजवे सगळे एकदम पेटतात आणि एकदम विझतात, असं प्रवासी सतराव्या शतकापासून सांगत होते. १९१७ साली फिलिप लॉरेंट यांनी ‘सायन्स’ नियतकालिकात लिहिलं की यात काही नाही, हा बघणाऱ्याच्या पापण्यांच्या उघडझापीचा खेळ आहे. हजारो किडे कुणी म्होरक्या नसताना एकच ताल धरतात, हे मान्य करण्यापेक्षा स्वतःच्या डोळ्यांवर संशय घेणं त्यांना सोपं गेलं. १९६०च्या दशकात जॉन आणि एलिझाबेथ बक या जोडप्याने थायलंडमध्ये काजवे पकडले आणि हॉटेलच्या अंधाऱ्या खोलीत सोडून दिले. काजवे भिंतींवर, छतावर बसले. आधी सगळा गोंधळ, मग दोघांचा मेळ, मग तिघांचा. हॉटेलवाल्याला याची कल्पना होती की नाही, कोण जाणे.

पण मला जास्त अडकवलं ते अलीकडच्या एका निरीक्षणाने. अमेरिकेतल्या ग्रेट स्मोकी माउंटन्समध्ये ‘फोटिनस कॅरोलिनस’ जातीचे काजवे एका तालात चमकतात. ओरिट पेलेग आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी त्यातला एकेक काजवा वेगळा काढून तंबूत ठेवला. तो चमकायचा, पण केव्हाही. दोन झगमगाटांमध्ये कधी थोडं अंतर, कधी खूप. सोबतीला काजवे वाढवत नेले तसं ते अंतर सारखं होत गेलं. म्हणजे प्रत्येकाच्या पोटात नेमकं घड्याळ होतं आणि ते फक्त एकमेकांशी जुळवलं गेलं, असं नव्हे. एकट्याकडे ठरलेला ताल नव्हताच. तो जमावात तयार झाला.

आपल्याला शाळेपासून उलट वाटत आलंय. वेळ आधीपासून वाहतेच आहे, आपण नंतर येऊन तिच्यात उभे राहतो. मनगटावर, फोनवर आपण ती फक्त बघतो. काजव्यांच्या बाबतीत मात्र बघायला आधी काही नसतंच. शेजारी असला तर वेळ आहे.

गेल्या वर्षी जूनच्या पहिल्या आठवड्यात आम्ही सहाजण भंडारदऱ्याच्या बाजूला गेलो होतो. पावसाआधीचा उकाडा, चिखल नाही, पण हवेत ओल. एका ओढ्याकाठी सादडा आणि हिरड्याची झाडं होती. वरच्या फांदीपासून खालपर्यंत उजेड उतरत होता, मग पुन्हा वर चढत होता. गावातला जो मुलगा आम्हाला घेऊन आला होता, त्याने आधीच बजावलं होतं, “टॉर्च नाय मारायची, मोबाईल खिशात.” मी दहा मिनिटं पाळलं. मग एक फोटो घ्यावा म्हणून फोन काढला आणि फ्लॅश सुरूच राहिला होता.

जवळचं झाड विझलं. लांबची चालू होती. आमच्या झाडावर थोड्या वेळाने इथे एक, तिथे एक असे ठिपके परत आले, पण तो उतरता-चढता उजेड आम्ही निघेपर्यंत परत आला नाही. मुलगा काही बोलला नाही. तो बोलला असता तर बरं झालं असतं.

परतताना गाडीत मी हिशोब मांडला. प्रौढ काजवा दोन-तीन आठवडे जगतो. त्याआधी अळी म्हणून कितीतरी महिने तो मातीत, पालापाचोळ्यात गोगलगाई खात काढतो आणि हे दिवस फक्त जोडीदार शोधायला मिळतात. पंधरा दिवस धरले तर एक रात्र म्हणजे पंधरावा हिस्सा. माझ्या पंचाहत्तर वर्षांत हा हिस्सा पाच वर्षांचा होतो. वाईट वाटायला आकडा चांगला होता. पण मैत्रीण म्हणाली, “डासही एवढाच जगतो. त्याला मारताना तू भागाकार करतोस का?”

बरोबर होतं तिचं. आयुष्य छोटं असणं हा मुद्दाच नव्हता. शिवाय मी कुणाला मारलंही नव्हतं. कुठला काजवा दुखावला, हे मला दाखवता येणार नाही. आपली नीती मात्र एका बळीभोवती उभी असते: कुणाचं काय गेलं ते सांगा, मग चूक किती ते ठरवू. इथे जे मोडलं ते कुठल्याच एका किड्याचं नव्हतं. ते त्यांच्या मध्ये होतं.

त्या अमेरिकन जातीत नर काही वेळा चमकून एकदम थांबतात आणि काही सेकंद सगळं रान काळं होतं. त्या काळोखात खाली बसलेली मादी मंद उजेडाने उत्तर देते. ती चमकते तेव्हा नर थांबलेले असतात, म्हणूनच ती दिसू शकते. आपल्याकडच्या जातींच्या खुणा वेगळ्या असतील, पण काळोखाची गरज त्यांनाही आहे. आपण जातो ते चमकणं बघायला. मधला अंधार आपल्याला रिकामा वाटतो, पुढचं चमकेपर्यंतची वाट बघणं वाटतो, आणि नेमका तोच आपण भरतो.

मग जाऊच नये का? मला असं म्हणता येत नाही. त्या पंधरा-वीस दिवसांत तिथल्या घरांमध्ये जेवणाचे, मुक्कामाचे चार पैसे येतात. आणि बघितलं नसतं तर यातलं काहीच मला सुचलं नसतं, हेही खरं. माझ्या शिकण्याची किंमत त्या झाडाने दिली, हे मात्र मला अजून नीट गिळता येत नाही.

फोटो अजून फोनमध्ये आहे. पांढरी पडलेली चार पानं, मागे काळं. काजवा एकही नाही. कोपऱ्यात वेळ मात्र अचूक आहे, ९ वाजून ४२ मिनिटं.