आहे की होता

आमच्या अण्णांच्या केसपेपरवरची पहिली ओळ गेली सात वर्षं बदललेली नाही : के/सी/ओ सीए लंग. डॉक्टरी लघुलिपीत, फुफ्फुसाच्या कर्करोगाचा ज्ञात रुग्ण. अण्णांच्या डाव्या फुफ्फुसाचा वरचा खंड परळला काढला, केमोच्या चार सायकल त्याच वर्षी संपल्या, नंतरचा प्रत्येक स्कॅन स्वच्छ आला. तरी नाशिकचे डॉक्टर तीच ओळ पुन्हा लिहितात आणि मी परतीच्या एसटीत ती वाचून चिडते. ज्ञात रुग्ण म्हणजे आहे की होता?

दुसऱ्या कुणाला हा प्रश्न पडला नसता. पण मी मेडिकल कोडर आहे. अमेरिकेतल्या रुग्णांचे चार्ट वाचायचे आणि प्रत्येक आजाराला त्याचा कोड लावायचा, हे काम मी त्र्यंबकला, कुशावर्ताजवळच्या आमच्या घराच्या माडीवर बसून करते. खाली ओसरीवर अण्णा यजमानांना संकल्प सांगत असतात. वर मी हेडफोन लावून.

माझ्या कामात ‘आहे’ आणि ‘होता’ यांच्यात मोठी भिंत आहे. अण्णांसारखा डाव्या वरच्या खंडातला कर्करोग असेल तर सी ३४.१२. गाठ काढली, उपचार संपले, रोगाचा मागमूस उरला नाही, की सी ३४ पुसायचा आणि झेड ८५.११८ लावायचा : पूर्वी होता. जोडीला झेड ९०.२, म्हणजे फुफ्फुसाचा भाग आता नाही. नुसत्या तपासणीला आले असतील तर सगळ्यांच्या आधी झेड ०८. बिडी सुटली असेल तर झेड ८७.८९१. ही यादी मी एकदा अण्णांना वाचून दाखवली. ते म्हणाले, “सुटलेल्या बिडीचीही नोंद? चित्रगुप्त बरा म्हणायचा.”

लोकांना वाटतं पाच वर्षं गेली की रोग गेला. कोडिंगच्या नियमात वर्षांची अट नाही. तिथे पाहतात ते रोग उरलाय का आणि उपचार चालू आहे का, एवढंच. गाठ काढलेल्या काही रुग्णांना पुढे तीन वर्षं ओसिमर्टिनिबची गोळी देतात. स्कॅनमध्ये काही दिसत नाही, माणूस कामावर जातो, पण गोळी त्या रोगावरच चालू आहे, म्हणून कोड सी ३४च. नवीन असताना मी इथेच फसले होते. डॉक्टरांनी वर ‘हिस्टरी ऑफ लंग कॅन्सर’ लिहिलं होतं, औषधांच्या यादीत खाली ही गोळी होती. मी वरचं वाचून झेड लावला आणि ऑडिटमध्ये एरर आली. याच्या उलटही होतं. फुफ्फुसातला रोग संपलेला असतो पण तो मेंदूत उतरलेला असतो. तेव्हा आधी मेंदूचा सी ७९.३१ आणि त्याच्यामागे फुफ्फुसाचा झेड. मूळ ‘होतं’, फांदी ‘आहे’.

यात पैसाही गुंतलेला आहे. तिकडच्या मेडिकेअर अॅडव्हान्टेज योजनांत ‘आहे’च्या कोडावर विमा कंपनीला सरकारकडून जास्त रक्कम मिळते, ‘होता’वर ती मिळत नाही. म्हणून सरकारी ऑडिटवाले फुफ्फुसाच्या कर्करोगाचे कोड मुद्दाम तपासतात : निदानाच्या आधीच्या किंवा नंतरच्या वर्षभरात शस्त्रक्रिया, रेडिएशन, केमो यांपैकी काहीच नसेल तर हा रोग ‘आहे’ कसा? प्रश्न हिशेबनिसाचा आहे, पण मला तो चांगला वाटतो. ज्याचा उपाय कुणी करत नाही, ते अजून आहे असं म्हणायचं कशाच्या जोरावर?

खाली ओसरीवर हाच प्रश्न दुसऱ्या शब्दांत रोज येतो. नारायण नागबळीला लोक येतात, तीन दिवस राहतात. साप मारल्याचा दोष, तोही कधी स्वतःचा नसतो, आजोबांनी किंवा कुणीतरी मारलेला. कणकेच्या नागाचं दहन होतं, सुतक पाळतात, तिसऱ्या दिवशी अण्णा सांगतात, “झालं.” आणि जवळजवळ प्रत्येक यजमान विचारतो, “गुरुजी, म्हणजे पूर्ण गेलं ना?”

अण्णांकडे याला तयार उत्तर नाही, पण शास्त्राकडे आहे आणि ते मला अण्णांनीच सांगितलं. याज्ञवल्क्य स्मृतीत म्हटलंय की नकळत झालेलं पाप प्रायश्चित्ताने जातं. जाणूनबुजून केलेल्या पापाचा कर्ता मात्र प्रायश्चित्ताने व्यवहारापुरता शुद्ध होतो. त्यावर मिताक्षरेत विज्ञानेश्वर म्हणतो, पापाला दोन शक्ती असतात. एक नरकात नेणारी, दुसरी लोकांशी व्यवहार तोडणारी. एक सुटली म्हणजे दुसरी सुटलीच असं नाही.

हे ऐकलं तेव्हा मी हातातला चहा खाली ठेवला. कारण अण्णांच्या रोगाचं नेमकं हेच झालं. मारणारी शक्ती परळला गेली. व्यवहार अडवणारी राहिली. आरोग्यविम्याच्या एजंटने फॉर्म बघून परत दिला. एक यजमान कुटुंब दरवर्षी यायचं, त्यांनी हळूच दुसऱ्या गुरुजींकडे जायला सुरुवात केली. आजारी ब्राह्मणाच्या हातून नको, असं कुणी तोंडावर बोललं नाही. सुमारे नऊशे वर्षांपूर्वी कल्याणीच्या चालुक्यांच्या दरबारी बसून लिहिणाऱ्या माणसाला ही भानगड दिसली होती, आणि आमच्या डॉक्टरांना के/सी/ओ लिहिताना ती दिसत नाही. अर्थात त्यांच्या ओपीडीत दीडशे माणसं असतात, हेही खरं.

मग सगळंच पुसावं का? तसंही मला वाटत नाही. झेड ८५ हा कोड लाज वाटावी म्हणून नाहीये. पुढच्या डॉक्टरने खोकला हलक्यात घेऊ नये, म्हणून आहे. आमच्याकडच्या यजमानांच्या नामावळीच्या वह्याही अशाच. त्यांत खाडाखोड चालत नाही. माणूस गेला तर नावामागे ‘कै.’ लागतं, नाव जात नाही.

आणि ज्या गावात आम्ही राहतो त्याची कथा काय आहे? गौतमांनी शेतात शिरलेल्या गायीला दर्भाच्या काडीने हाकललं, गाय मेली, गोहत्या लागली. ती फेडायला त्यांनी ब्रह्मगिरीवर तप करून गंगा उतरवली. गंगा थांबेना, तेव्हा कुशांचा वेढा घालून तिला अडवलं, ते कुशावर्त. गायीला लागलं तेच गवत नदीला अडवायला कामी आलं. पाप धुतलं गेलं, यात कुणाला शंका नाही. तरी नदीला आजही लोक गोदावरी म्हणतात, नावात गाय ठेवून. गौतमांना कुणी गोहत्यारा म्हणत नाही, आणि ती गोष्ट कुणी लपवतही नाही. झेड कोड मला याहून चांगला समजावून सांगता येणार नाही.

मागच्या महिन्यात मी धीर करून डॉक्टरांना म्हटलं, के/सी/ओच्या जागी ‘पूर्वी होता, उपचार पूर्ण’ असं लिहाल का? ते हसले, म्हणाले, “फरक काय पडतो?” आणि लिहून दिलं. अण्णांनी तो कागद घरी येईपर्यंत चारदा उघडला.

दुसऱ्या दिवशी पहाटे ते ब्रह्मगिरीवरच्या गंगाद्वाराच्या पायऱ्या चढायला निघाले. सात वर्षांत पहिल्यांदा. मी मागे. निम्म्यावर ते कठड्याला टेकून बसले, श्वास शिट्टीसारखा वाजत होता.

“हा पण त्या झेडमध्येच धरायचा का गं?”

“नाही अण्णा. दम लागला तर त्याचा कोड वेगळा. आर ०६.०२.”

“मग लाव,” म्हणाले, आणि उठले.