डोक्यावर छप्पर नाही म्हणून

अमेरिकेत सरकारने मूल आईबापांकडून काढून घेतलं की ते परत मिळवण्याची मुदत सुरू होते. 1997च्या कायद्याचा सर्वसाधारण नियम असा: मूल 22 महिन्यांपैकी 15 महिने फॉस्टर केअरमध्ये, म्हणजे सरकारने नेमलेल्या कुटुंबात किंवा संस्थेत राहिलं, तर आईबापांचे हक्क कायमचे संपवण्यासाठी राज्याने कोर्टात जायचं. व्यसन सोडायला एवढा काळ पुरतो का, यावर वाद होऊ शकतो. पण अडचण फक्त घराची असेल तर? तिथल्या कित्येक शहरांत सरकारी मदतीच्या घरासाठी याहून जास्त काळ रांगेत थांबावं लागतं.

त्यात पेच असा, की मूल गेलं की त्याच्यामुळे मिळणारी रोख मदतही बहुधा थांबते. भाडं थकतं, खोली सुटते. पुढच्या तारखेला कोर्टासमोर अहवाल येतो: आई एकही भेट चुकवत नाही, सांगितलेले वर्ग तिने पूर्ण केले, मात्र मुलांना ठेवण्याजोगी जागा नाही. मुलं नाहीत म्हणून पैसा नाही, पैसा नाही म्हणून जागा नाही, आणि जागा नाही म्हणून मुलं नाहीत. यात त्या आईने आणखी काय करायचं बाकी ठेवलं आहे?

इलिनॉय राज्यात असेच पालक एकत्र येऊन कोर्टात गेले. ‘नॉर्मन’ नावाने ओळखल्या जाणाऱ्या या खटल्यात 1991मध्ये तडजोडीचा हुकूमनामा झाला. केवळ अन्न, वस्त्र, निवारा पुरवता येत नाही म्हणून बालकल्याण खात्याने मुलं नेऊ नयेत, अडकवून ठेवू नयेत. घर शोधायला मदत करावी आणि रोख रक्कमही द्यावी, असं ठरलं. ही रक्कम कशाला लागते? घराच्या डिपॉझिटला, थकलेल्या विजेच्या बिलाला, मुलाच्या पलंगाला. पलंग नाही म्हणून मूल घरी येऊ शकत नसेल, तर पलंग विकत घेणं हेच बालकल्याणाचं काम आहे.

केंद्र सरकारनेही 1990च्या गृहनिर्माण कायद्यात अशा कुटुंबांसाठी भाड्याच्या खास व्हाउचरची सोय केली. साधारणपणे उत्पन्नाच्या तीस टक्के भाडं कुटुंबाने द्यायचं, उरलेलं ठरावीक मर्यादेपर्यंत सरकारने. योजना चांगली, पण व्हाउचर गरजेच्या मानाने फारच थोडी.

मला सर्वांत जास्त खटकतं ते पैशाचं गणित. फॉस्टर कुटुंबाला मुलासाठी जे पैसे मिळतात, त्यांच्या कायदेशीर व्याख्येत अन्न-वस्त्रासोबत निवाराही आहे. मूल घरीच राहावं म्हणून 2018च्या कायद्याने समुपदेशन, व्यसनमुक्ती आणि पालकांच्या प्रशिक्षणासाठी बालकल्याणाचा केंद्रीय निधी खुला केला. घरभाडं मात्र त्या यादीत नाही. तेच मूल, त्याच्या डोक्यावर तेच छप्पर. परक्याकडे असेल तर खर्च मंजूर, आईकडे असेल तर नामंजूर.

घर मिळालं म्हणून प्रत्येक मूल सुरक्षित होत नाही, हे खरंच. मारहाण होत असेल तिथे भाड्याची पावती कामाची नाही. पण ज्यांच्या अहवालात धोक्याच्या रकान्यात फक्त जागेचाच उल्लेख असतो, त्या मुलांचं काय?

1997च्याच कायद्यात एक अपवाद आहे. मूल सुखरूप परत जावं म्हणून त्याच्यासाठी आखलेल्या योजनेत आवश्यक ठरवलेल्या सेवा राज्याने वेळेत दिल्या नसतील, तर हक्क संपवण्याचा अर्ज करण्याची सक्ती राज्यावर राहत नाही. म्हणून वकिलांनी पहिल्याच तारखेला घराची मदत त्या योजनेत लेखी घालून घ्यावी, आणि ती मिळाली नाही तर मुदतीचा जाब आईला नव्हे, खात्याला विचारावा.