ग्रेस : न कमावता मिळालेले नाव

‘ग्रेस’ हे मुलीचे नाव लॅटिन ‘ग्रातिया’ या शब्दावरून आले. मर्जी, उपकार, देखणेपण हे त्याचे मूळ अर्थ. लॅटिन बायबलात ग्रीक ‘खारिस’साठी हाच शब्द आला आणि त्याला ईश्वरी कृपेचा अर्थ कायमचा चिकटला. परीक्षेतले ‘ग्रेसचे मार्क’ आणि निवृत्तीची ‘ग्रॅच्युइटी’ ही त्याच कुळातली.

ही कृपा कमावता येते का? ख्रिस्ती विचारवंत पेलागियसच्या मते माणूस स्वतःच्या प्रयत्नाने सन्मार्गावर राहू शकतो. संत ऑगस्टीनने ते साफ नाकारले : प्रयत्न करण्याची इच्छासुद्धा कृपेनेच होते. 418 मध्ये कार्थेजच्या धर्मसभेने पेलागियसचे मत फेटाळले. ऑगस्टीनच्याच नावाच्या संघाने जुन्या गोव्यात कृपामातेचे, म्हणजे ‘नोसा सेन्योरा दा ग्रासा’चे, चर्च उभारले. 1842 मध्ये त्याचे छत कोसळले. आज जांभ्या दगडाचा अर्धा मनोरा तेवढा उभा आहे.

इंग्रजीत हे नाव रुळवले ते प्युरिटन या कडक प्रोटेस्टंट पंथाने. त्यांचीच इतर नावे पाहा : प्रूडन्स म्हणजे विवेक, पेशन्स म्हणजे सबुरी. अशी नावे मुलीकडून काहीतरी मागतात. ग्रेस काहीच मागत नाही. पाळण्यातल्या पोरीने अजून काही केलेलेच नसते, तेव्हा तिला शोभणारे याहून प्रामाणिक नाव सापडणे कठीण. अमेरिकेत 1900 च्या सुमारास ते पहिल्या वीस नावांत होते. 1970 नंतरच्या दशकात ते तीनशेच्याही खाली घसरले आणि 2003 पर्यंत पुन्हा पहिल्या वीसांत आले.

मराठीत त्याचा अर्थ ‘कृपा’ या नावाने वावरतो. 1862 मध्ये अहमदनगरला एका धर्मांतरित ब्राह्मण घरात जन्मलेल्या लेखिका कृपाबाई सत्यनाथन यांचे नाव त्याच अर्थाचे. मराठी वाचकाला मात्र ‘ग्रेस’ म्हटले की आधी कवी माणिक गोडघाटे आठवतात. हे टोपणनाव त्यांनी इंग्रिड बर्गमन या अभिनेत्रीच्या ओढीने घेतले.

कृपेची ही कल्पना मराठी-कन्नड सीमेवरही भेटते. कर्नाटकातल्या बीदर जिल्ह्यात मेथडिस्ट चर्च जुने आहे. त्या पंथाचे प्रवर्तक जॉन वेस्ली सांगत की माणूस देवाकडे वळण्याआधीच कृपा त्याच्यापाशी पोचलेली असते. औराद तालुक्यातल्या संतपूरच्या परिसरात मराठी आणि कन्नड शेजारी नांदतात आणि बाराव्या शतकातल्या शरणांचे, म्हणजे शिवभक्त संतांचे, कल्याण याच जिल्ह्यात आहे. त्यांच्या षट्स्थलांतले, म्हणजे साधनेच्या सहा टप्प्यांतले, तिसरे स्थल प्रसादीचे, आणि ‘प्रसाद’ म्हणजेही कृपा. पण याच शरणांनी कायक, म्हणजे घाम गाळून केलेले काम, तितकेच पवित्र मानले. ऑगस्टीन आणि पेलागियस यांच्यात जो पेच सुटला नाही, तो इथे रोजच्या जेवणात सुटतो : ज्वारी आपल्या कष्टाची, भाकरी आपल्या हातची, तरी ती शिवाला अर्पण होते आणि ताटात येते ती प्रसाद म्हणून.