पळणारा बैल

गोव्यातल्या बैलांच्या झुंजींवर, म्हणजे धीरयोंवर, कुणी लघुमाहितीपट केला तर त्यात काय दिसेल, हे न बघताही सांगता येते. शिंगाला शिंग भिडेल, धूळ उडेल, गर्दी ओरडेल. पण सासष्टीतल्या कापणी झालेल्या एखाद्या शेतात धीरयो लागल्या की बराच वेळ यातले काहीच होत नसते. दोन बैल कपाळाला कपाळ लावून, खूर मातीत रोवून एकमेकांना रेटत असतात. माना फुगलेल्या, तोंडाला फेस. बघणाऱ्याला कंटाळा येईल म्हणून संकलकाची कात्री नेमकी इथे चालते, आणि खरी झुंज तर हीच. समोरच्याचे वजन, दम, शिंगांची ठेवण बैल या रेटारेटीत जोखतो. निभाव लागत नाही असे दिसले की पाठ फिरवतो आणि पळतो. तो पळाला की निकाल लागला, पंचाची गरजच नाही. मोकळ्या रानात दोन वळू भिडले तरी शेवट बहुधा असाच होतो.

पोर्तुगिजांनी गोव्यावर साडेचारशे वर्षे राज्य केले, म्हणून काही जण धीरयोंचे नाते थेट तिकडच्या खेळाशी जोडतात. मला ते पटत नाही. तिकडे बैलासमोर माणूस उभा असतो, आणि स्पेनमध्ये तर शेवटी मातादोरची तलवार असतेच. गोव्यात हरणाऱ्याला माघार घेता येते.

निदान घेऊ दिली तर. बैल मान वळवू लागला की मालकाचा जीव वरखाली होतो. पैजा लागलेल्या असतात, शिवाय गावाची इभ्रत. मग मागून आरोळ्या, काठीने डिवचणे. 1960 चा प्राणी क्रूरता प्रतिबंधक कायदा बोट ठेवतो ते या काठीवर: करमणुकीसाठी प्राण्याला झुंजायला चिथावणे हा त्यात गुन्हा आहे.

माघार घेतलेला बैल कुठून पळायचे ते बघत नाही, आणि रिंगण तर माणसांचेच. 1996 मध्ये धीरयोत एकाचा जीव गेला, त्याच वर्षी मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठाने बंदी घातली. चोरून त्या अजूनही होतात.

2023 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने जल्लीकट्टू, कंबाळा आणि आपल्या बैलगाडा शर्यतींना मोकळीक देणारे राज्यांचे कायदे वैध ठरवले. धीरयोंचे समर्थक तोच दाखला देतात: परवानगी द्या, नियम करा, भक्कम कुंपण घाला. कुंपणाने बघे वाचतील, यात शंका नाही. हरलेल्या बैलाची पळायची वाट मात्र तेच कुंपण अडवणार, आणि जिंकलेला बैल तर त्याच्या मागावरच असतो.