माथ्यापासून पायथ्यापर्यंत

देवा, पर्जन्यछायेतल्या आमच्या नगरकडे येईपर्यंत ढग सह्याद्रीवरच रिते होतात. पण 1948 साली तू स्वित्झर्लंडच्या डोंगरांतून एक येशूसंघी तरुण या देशात धाडलास. फादर हर्मन बाखर. आमच्या मुलखात येऊन तो म्हातारा होईपर्यंत राहिला आणि लोकांचा बाखरबाबा झाला. 2021 साली तू त्याला बोलावून घेतलंस. त्याच्यासाठी तुझे आभार.

तो राहिला म्हणून त्याला कळलं, की इथे पाऊस कमी आहेच, पण पडलेलाही माती घेऊन पळून जातो. 1993 साली उभ्या राहिलेल्या वॉटरशेड ऑर्गनायझेशन ट्रस्टच्या मागे हीच जाण होती. संगमनेर तालुक्यातल्या दरेवाडीच्या उघड्याबोडक्या उतारांवर माणसं टिकाव-फावडी घेऊन चढली. वर सलग समतल चर, खाली नाल्याला बांध. पळणारं पाणी चालू लागलं, चालणारं थांबलं, थांबलेलं जिरलं. श्रमदान करणाऱ्या त्या प्रत्येक हाताला तुझा आशीर्वाद असू दे.

आणि त्या डोंगरावर ज्यांची मेंढरं चरायची, त्यांना विसरू नकोस. उतारांवर गवत धरावं म्हणून घातलेल्या चराईबंदीने शेतकऱ्याच्या विहिरीला पाणी चढतं, पण धनगराच्या पोटाला पहिला चिमटा बसतो. चांगल्या कामातही आधी कोण सोसतंय, हे बघण्याची नजर आम्हांला दे. पाणलोट समितीच्या बैठकीत त्याला सतरंजीच्या कडेला बसवू नये, एवढी लाज दे.

दूर नामिबियात, कुनेने नदीच्या मुलखात, हिंबा गुराख्यांमध्ये राहायला जाणाऱ्या पाश्चात्त्य पाहुण्यालाही हीच बुद्धी दे. त्यांच्या अंगावरच्या लाल गेरूचा फोटो काढण्याआधी त्याने त्यांच्या गुरांना पाणी कुठून मिळतं हे विचारावं. एपुपाच्या नियोजित धरणाखाली आपली कुरणं आणि पूर्वजांच्या कबरी जाऊ नयेत म्हणून ते का उभे ठाकले, हे त्यांच्याच तोंडून ऐकावं.

आमच्यासाठी इतकंच मागतो. इथे जन्मलो म्हणून इथले झालो, असं आम्हांला समजू देऊ नकोस. बोअर आणखी खोल नेण्याआधी शेजाऱ्याची विहीर आठवू दे. गाळाने भरलेले चर उपसायला आमचे हात लाव. आणि जिरवलेल्या पाण्यात ज्याला जमीन नाही त्याचाही हक्क आहे, हे ग्रामसभेत उभं राहून बोलायचं बळ दे.

आमेन.